उंबरठा पाच इंचांचा : फिलाडेल्फियाच्या जर्मनटाउन वस्तीतल्या एका कॉफीच्या दुकानाच्या प्रकल्प नोंदी

५ एप्रिल २०२५, शनिवार

पहिलं मोजमाप. दुकान सातला उघडतं, म्हणून मी साडेपाचलाच पोचले. मालकीणबाई माझ्याही आधी आलेल्या. दिवे अर्धेच लावलेले, मशीन तापत होतं. मला काही न विचारता कॉफीचा मग हातात दिला आणि म्हणाल्या, "आधी बस. मोजायला अख्खा दिवस आहे."

काम असं ठरलंय : मागची खोली रिकामी करून तिथं वस्तीसाठी बैठकीची जागा करायची आणि दर्शनी दाराचा उंबरठा काढायचा. मी नकाशे करून देणार, त्याचे पैसे घेणार नाही. तीन वर्षं मी इथं रविवारी येऊन बसतेय. फिलाडेल्फियात नवी आले तेव्हा ज्या पहिल्या जागी कुणी माझं नाव नीट उच्चारायला शिकलं, ती ही जागा.

पुढची खोली १८ बाय ३२ फूट. मागची १४ बाय २२. त्यात कॉफीच्या गोणी, बंद पडलेला फ्रिज आणि चर्चनं दिलेल्या घडीच्या तीस खुर्च्या. दाराशी काचांच्या मधली जुन्या पद्धतीची आत गेलेली मोकळी जागा तीन फूट. आणि दगडी पायरी एक, पाच इंचांची.

मालकीणबाई बावीस वर्षं एका इस्पितळाच्या हिशेब विभागात होत्या. २०१९ मध्ये साठवलेले पैसे घालून हे दुकान काढलं. वर्षभरात करोना आला. तेव्हा पुढची खिडकी उघडी ठेवून तिथूनच कॉफी आणि सूप दिलं. त्या खिडकीच्या चौकटीवर अजून तेव्हाचा निळा रंग आहे. ती चौकट बदलायची नाही, असं त्यांनी मला आज दोनदा बजावलं.

१२ एप्रिल, शनिवार

आज मोजणी माणसांची. सकाळी सात ते अकरा काउंटरच्या टोकाला बसून वहीत रेघा ओढल्या. ६१ माणसं आली. त्यातल्या १४ जणांनी काहीच घेतलं नाही. एक जण फोन चार्ज करायला, एक आजी बस येईपर्यंत, दोन मुलं गृहपाठाची पानं छापून घ्यायला, एक बाई नुसती रडायला. तिच्याशेजारी मालकीणबाई दहा मिनिटं बसल्या, गिऱ्हाइकांची रांग तशीच थांबली, आणि रांगेतलं कुणी कुरकुरलं नाही.

आजची तारीख इथं सगळ्यांच्या लक्षात आहे. १२ एप्रिल २०१८ ला याच शहराच्या मध्यभागी एका मोठ्या साखळीच्या कॉफीच्या दुकानात दोन काळे तरुण कामाच्या भेटीसाठी तिसऱ्या माणसाची वाट पाहत बसले होते. काही विकत घेतलं नव्हतं, त्यातल्या एकानं स्वच्छतागृह वापरू का म्हणून विचारलं होतं. पोलिसांना फोन गेला आणि बेड्या घालून दोघांना नेलं. पुढे त्या कंपनीनं २९ मे रोजी देशभरातली आठ हजारांवर दुकानं दुपारभर बंद ठेवून नोकरांना प्रशिक्षण दिलं. त्या दोघांनी शहराकडून प्रत्येकी एक डॉलर घेतला आणि होतकरू तरुण उद्योजकांसाठी दोन लाख डॉलरचा कार्यक्रम मागून घेतला.

माझ्या वहीतल्या त्या १४ रेघा मला आता वेगळ्या दिसतात. या दुकानाचा नकाशा त्या चौदांसाठी काढायचा आहे. उरलेल्या ४७ जणांची सोय कुठलंही दुकान करतं.

२६ एप्रिल, शनिवार

पहिला आराखडा दाखवला आणि तो पडला.

मी काढलेला मार्ग मला सरळ वाटत होता. अपंगांसाठीच्या नियमाप्रमाणे एक इंच चढायला एक फूट उतार लागतो, म्हणजे पाच इंचांना पाच फूट. तो पदपथावर टाकता येत नाही, पदपथ अरुंद आहे. शेजारच्या बोळात दुकानाचं एक दार आहे, तिथं उंबरठा जवळजवळ नाहीच. त्या दाराला रुंदी द्यायची, दिवा लावायचा, चाकाच्या खुर्चीची माणसं तिथून येतील. खर्च कमी, काम आठवड्याचं.

डीकन खिडकीजवळच्या त्यांच्या खुर्चीत होते. चर्चमध्ये डीकन, म्हणजे पाद्र्यांचे मदतनीस, आहेत म्हणून सगळे त्यांना तेच म्हणतात. वय ७८, काठी घेऊन चालतात, गुडघ्याचं ऑपरेशन लांबवलंय. त्यांनी नकाशा डोळ्यांजवळ धरला, बराच वेळ पाहिला आणि घडी घालून परत दिला.

"पोरी, काम स्वच्छ आहे तुझं. पण मी बोळातून आत येणार नाही."

दक्षिण कॅरोलायनातल्या ज्या गावात त्यांचा जन्म झाला, तिथं खानावळीच्या मागच्या खिडकीतून कागदात गुंडाळलेलं खाणं मिळायचं. वडिलांचा हात धरून ते तिथं उभे राहिलेत. आठव्या वर्षी आईवडील त्यांना घेऊन रेल्वेनं इथं आले. १९१० ते १९७० या काळात दक्षिणेतून उत्तरेला आणि पश्चिमेला आलेल्या साठेक लाख काळ्या माणसांपैकी हे एक घर. "मागच्या दारानं आत जायचे दिवस मी संपवलेत," एवढंच म्हणाले आणि कॉफी प्यायला लागले.

मी काही बोलू शकले नाही. मी महाडची. चवदार तळ्यापासून आमचं घर चालत पाच मिनिटांवर. २० मार्चला सकाळपासून आमच्या दारावरून माणसांचा लोंढा जायचा आणि आई ओटीवर दोन माठ भरून ठेवायची. १९२७ साली बाबासाहेबांनी त्या तळ्याचं पाणी ओंजळीत घेतलं, ते तहान लागली म्हणून नव्हे, हे मला पाचवीत असताना कळलेलं. आणि तरी मी नकाशात बोळातलं दार दाखवलं.

३ मे, शनिवार

आठवडाभर वाचन आणि नवे नकाशे.

ग्रीन्सबरो, नॉर्थ कॅरोलायना, १ फेब्रुवारी १९६०. चार कॉलेजविद्यार्थी एका मोठ्या दुकानाच्या खाण्याच्या काउंटरवर बसले आणि त्यांनी कॉफी मागितली. त्याच दुकानात दुसऱ्या गल्ल्यावर त्यांच्याकडून सामानाचे पैसे मुकाट्यानं घेतले होते. विकत घ्यायला हरकत नव्हती, बसायला होती. कॉफी मिळाली नाही, दुकान बंद होईपर्यंत ते बसून राहिले. दुसऱ्या दिवशी आणखी आले. जुलैच्या २५ तारखेला त्या काउंटरवर पहिल्यांदा काळ्या माणसांना वाढलं गेलं.

नवा आराखडा असा : दर्शनी दार आहे तिथून सात फूट आत सरकवायचं. मग काचांच्या मध्ये दहा फुटांची मोकळी जागा मिळते. पाच फूट उतार आणि दारासमोर पाच फूट सपाट. सगळे एकाच दारानं, एकाच उतारावरून येतील. पायरी कुणालाच नाही. हिवाळ्यात दार उघडल्यावर वारा थेट पहिल्या टेबलावर येतो, तोही अडेल.

किंमत मोठी आहे. पुढची दोन टेबलं जातात. त्या जागेखाली तळघर आहे, म्हणजे तुळया कापून नव्यानं बसवाव्या लागतील. मालकीणबाईंनी त्या दोन टेबलांचा दिवसाचा गल्ला कागदावर मांडला, वर्षानं गुणला, खाली रेघ मारली. बराच वेळ बोलल्या नाहीत.

"काढ ती टेबलं," म्हणाल्या.

१८ मे, रविवार

पैशांचा दिवस.

दर्शनी भाग सुधारायला शहराची योजना आहे. मंजूर खर्चाच्या निम्मी रक्कम, एका दुकानाला जास्तीत जास्त दहा हजार डॉलर. पण ती काम पुरं झाल्यावर, बिलं दाखवल्यावर परत मिळते. म्हणजे ज्याच्या हातात आधीच पैसा आहे त्याला मदत. काळ्या मालकांच्या दुकानांची अडचण नेमकी इथंच असते. १९३० च्या दशकात सरकारी नकाशांवर काळ्या वस्त्या लाल रंगवून कर्जाला धोक्याच्या ठरवल्या गेल्या. ज्या घरावर कर्ज मिळालं नाही ते घर पुढच्या पिढीला भांडवल म्हणून मिळालं नाही. मालकीणबाईंच्या आजीनं चाळीस वर्षं भाडं भरलं. मागे काय उरलं तर शिवणाचं मशीन.

त्रिनिदादहून आलेल्या एका बाई म्हणाल्या, सुसु करू. त्यांनी समजावून सांगायला सुरुवात केली आणि मी तिसऱ्या वाक्याला हसू लागले. ही तर भिशी! वीस जण, महिन्याला पाचशे डॉलर, दर महिन्याला एकाची उचल. आमच्याकडे चिठ्ठी काढतात, इथं सगळ्यांनी एकमतानं पहिली उचल दुकानाला दिली. दहा हजार. वहीत नावं लिहिताना आईची भिशीची वही आठवली, मागच्या पानावर किराणा मांडलेली. विसावं नाव माझं आहे. माझी उचल सगळ्यांत शेवटी घेणार.

डीकननी लिऑन सलिव्हन यांची गोष्ट सांगितली. उत्तर फिलाडेल्फियातल्या झायन बॅप्टिस्ट चर्चचे ते पाद्री. १९६२ मध्ये त्यांनी आपल्या लोकांना दर महिना दहा डॉलर, असे छत्तीस महिने द्यायला सांगितलं. त्या पैशांतून घरं उभी राहिली आणि १९६८ मध्ये ब्रॉड स्ट्रीटवर प्रोग्रेस प्लाझा, काळ्यांच्या मालकीचा बाजार-संकुल. डीकनच्या आईनं ते दहा डॉलर कॉफीच्या डब्यात बाजूला काढून ठेवलेले त्यांना आठवतात.

१० जून, मंगळवार

भाडेकरार. या प्रकल्पातलं सगळ्यांत महत्त्वाचं काम आज झालं आणि त्यात माझी एक रेघही नाही.

इमारत दुसऱ्याची. करार २०२७ ला संपत होता. दुसऱ्याच्या इमारतीत पदरमोड करून दार आत सरकवायचं, तुळया बदलायच्या आणि दोन वर्षांनी जास्त भाडं देणाऱ्याला ती सजलेली जागा आयती मिळायची, असं या रस्त्यावर घडलेलं लोकांनी पाहिलंय. वस्ती जिवंत ठेवणारं दुकानच वस्ती महाग करतं आणि मग स्वतः बाहेर फेकलं जातं. कायद्याच्या विद्यार्थ्यांच्या मोफत मदतकेंद्रातल्या दोन मुलांनी मसुदा केला : दहा वर्षांची मुदत, भाडेवाढीला मर्यादा आणि इमारत विकायची झाली तर आधी मालकीणबाईंना विचारायचं. घरमालकांनी तिसऱ्या बैठकीत सही केली. सहीपूर्वी कुणी एक खिळाही ठोकायचा नाही, असं आम्ही ठरवलं होतं आणि ते पाळलं.

५ जुलै, शनिवार

शहराच्या कामगारांचा संप मंगळवारपासून. कचरा उचलला जात नाहीये आणि उकाडा मी म्हणतोय. कॉफीचा चोथा ओला, जड, दिवसाला दोन बादल्या. मालकीणबाईंनी दारात कागदी पिशव्या भरून ठेवल्या. वस्तीतले बागवाले घेऊन जातात. संपकऱ्यांना बर्फातली कॉफी फुकट. सुतार परवानगीची वाट पाहतोय, मीही.

११ ऑगस्ट, सोमवार

जमीन उघडली. तुळया जुन्या, करवतीच्या सरळ खुणा असलेल्या, दोन कुजलेल्या. पायरी आहे तशीच ठेवली असती तर दोन-चार वर्षांत पहिलं टेबल तळघरात गेलं असतं. इंजिनिअरनं आडवी लोखंडी तुळई सांगितली. खर्च वाढला. भिशीतल्या दोघींनी आपला नंबर मागे घेऊन उचल दुकानाला दिली.

दाराबाहेर रस्त्यात ट्रॉलीचे रूळ अजून आहेत. २३ नंबरची ट्रॉली १९९२ मध्ये बंद झाली, आता त्या नंबरची बस धावते. डीकन त्या ट्रॉलीचे चालक होते. काम चालू असताना ते रोज पदपथावर खुर्ची टाकून बसतात आणि सुताराला दगडी फरशीच्या रस्त्यावर पावसात ब्रेक कसा लावायचा ते सांगतात. सुतारही ऐकतो.

ब्राझीलच्या कॉफीवर गेल्या आठवड्यापासून पन्नास टक्के जकात. फेब्रुवारीत अरेबिकाचा बाजारभाव पाउंडाला चार डॉलरच्या वर गेलाच होता. लाटे, म्हणजे दुधाच्या कॉफीचा, भाव वाढवला. साध्या कॉफीचा नाही. "ती पिणारी माणसं पेन्शनवर आहेत," मालकीणबाई म्हणाल्या आणि विषय संपला.

७ सप्टेंबर, रविवार

मागच्या खोलीची परीक्षा.

इथिओपियाच्या एक शेजारीण आहेत, त्यांनी बुना, म्हणजे त्यांच्याकडचा कॉफीचा सोहळा, मांडला. जमिनीवर हिरवं गवत पसरलं, धूप लावला, हिरव्या बिया कढईत भाजल्या आणि कढई फिरवत प्रत्येकाच्या नाकाशी नेली. धूर ओंजळीनं आपल्याकडे ओढायचा. आरतीवर हात फिरवून डोळ्यांना लावतो तसे माझे हात आपोआप वर गेले. मग जेबेनातून, म्हणजे काळ्या मातीच्या सुरईतून, तीन फेऱ्या : अबोल, तोना, बराका. तिसरी आशीर्वादाची, ती न घेता उठायचं नाही. दोन तास लागले. कॉफीचं झाड मूळचं त्यांच्याकडचं, आणि त्यांच्या रीतीत कॉफी हातात घेऊन निघून जाणं नाहीच.

पण खोली नापास झाली. भिंती कोऱ्या, छत उंच, आवाज घुमतो. पुढच्या खोलीत दळणयंत्र सुरू झालं की बोलणाऱ्याचं वाक्य अर्धवट राहतं. मी आवाज शोषणाऱ्या तक्त्यांचे भाव काढून नेले होते. एका आजींनी विचारलं, "जाड कापड चालेल का?" त्यांच्या घरी आईनं आणि मावशांनी शिवलेल्या सात गोधड्या पेटीत होत्या. जुन्या कामाच्या विजारी, पिठाच्या पोत्यांचं कापड, नेव्हीचा एक कोट. आज त्यातल्या चार भिंतीपासून दोन इंच अंतर ठेवून टांगल्या. टाळी वाजवून पाहिली. घुमणं गेलं.

खुर्च्यांबाबतही माझं चुकलं होतं. मी उंच, नाजूक स्टुलं निवडली होती. इथं बसणारी निम्मी माणसं साठीपुढची; उठताना हातांना आधार लागतो. हात असलेल्या चोवीस जुन्या खुर्च्या बंद पडलेल्या एका ग्रंथालयातून मिळाल्या. स्टुलं परत केली.

४ ऑक्टोबर, शनिवार

दार उघडलं.

१७७७ मध्ये आजच्याच तारखेला या रस्त्यावर अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धातली लढाई झाली, वर क्लिव्हडन या जुन्या वाड्याच्या आवारात दरवर्षी तिचा देखावा करतात. पर्यटक त्यासाठी येतात. जर्मनटाउनची मला जास्त जवळची तारीख १६८८ची. इथं स्थायिक झालेल्या क्वेकर या ख्रिस्ती पंथाच्या चार माणसांनी गुलामगिरीविरुद्ध निवेदन लिहिलं, अमेरिकेतल्या इंग्रज वसाहतींमधला तसा पहिला लेखी निषेध. पंथाच्या वरच्या सभांनी तो बाजूला ठेवला. आज मी डीकनना सांगितलं, की १८७३ मध्ये पुण्याच्या जोतीराव फुल्यांनी आपलं ‘गुलामगिरी’ हे पुस्तक अमेरिकेतल्या गुलामांच्या मुक्तीसाठी झटणाऱ्या लोकांना अर्पण केलं होतं. त्यांनी नाव तीनदा म्हणून घेतलं. ‘फुले’ त्यांना जमलं.

काही अंतरावर याच अव्हेन्यूवर ‘अंकल बॉबीज’ आहे. मार्क लॅमाँट हिल यांनी २०१७ मध्ये काकांच्या नावानं काढलेलं कॉफी आणि पुस्तकांचं दुकान. काळ्या मालकीची दोन दुकानं एकाच रस्त्यावर चालतील का, असं मालकीणबाईंना बँकेत विचारलं गेलं होतं. त्याच रस्त्यावर बाकीची किती आहेत हे कुणी विचारलं नव्हतं.

सकाळी सातला पहिल्या आल्या त्या चाकाच्या खुर्चीतल्या एक निवृत्त शिक्षिका. पायरी होती तोवर त्या खिडकीतून कॉफी घ्यायच्या. उतारावर मधे थांबल्या, हात मागे करून ढकलू पाहणाऱ्या नातवाला थांबवलं आणि स्वतः चाकं फिरवत आत आल्या. काउंटरचा एक भाग आम्ही ३४ इंचांवर आणलाय. त्यांनी कोपर त्यावर टेकवून कॉफी मागितली.

८ नोव्हेंबर, शनिवार

१ ऑक्टोबरपासून देशाच्या केंद्र सरकारचं कामकाज बंद आहे आणि या महिन्याचे शिधामदतीचे पैसे लोकांच्या कार्डावर वेळेवर आलेले नाहीत. वस्तीतल्या निम्म्या ओळखीच्या घरांत ते कार्ड आहे.

मागच्या खोलीचं पुस्तकांचं कपाट आम्ही अर्धं रिकामं केलं. तांदूळ, राजमा, ओट्स, लहान मुलांचं दूध, डायपर. नोंदवही नाही, प्रश्न नाहीत. मुलांसाठी शाळेआधी, सकाळी सहा ते आठ या वेळात, नाश्ता. १९६९ च्या जानेवारीत ऑकलंडच्या एका चर्चमध्ये ब्लॅक पँथर पक्षानं मुलांना शाळेआधी फुकट नाश्ता द्यायला सुरुवात केली होती. पुढे १९७२ मध्ये मुंबईच्या तरुणांनी त्याच पक्षाचं नाव घेऊन दलित पँथर उभी केली, हे मी सांगितलं तेव्हा ओट्स ढवळणारा मुलगा थांबला. "तुमच्याकडेही?" म्हणाला. आमच्याकडेही.

मी आज नकाशाची कामं बाजूला ठेवून कांदेपोहे केले. जाड पोहे एका भारतीय दुकानातून आणले, दोन मोठी पातेली. लिंबू भरपूर, मिरची बेतानं. नऊ वर्षांच्या एका मुलीनं तिसऱ्यांदा वाटी पुढे केली. पोह्यांत शेंगदाणे आहेत अशी पाटी मात्र आधी लावायला हवी होती, काही मुलांना त्यांची अ‍ॅलर्जी असते; एका आईनं विचारलं तेव्हा लक्षात आलं. उद्यापासून दाण्यांशिवाय.

२२ नोव्हेंबर, शनिवार

शिधामदत पुन्हा सुरू झाली. कपाट आहे तसंच ठेवायचं ठरलं. शहराकडे बिलं दिली. मागच्या खोलीच्या खिडकीला अजून रंग नाही, दळणयंत्राखाली रबर टाकायचंय.

काल पाऊस पडला. डीकन उतारावर काठी टेकवत टेकवत आले आणि आत येऊन मला म्हणाले, "हाताला धरायला काहीतरी हवं." नियमाप्रमाणे सहा इंचांपर्यंतच्या चढाला कठडा लागत नाही, म्हणून मी तो नकाशात दाखवला नव्हता. आज त्यांना उतारावर उभं केलं, हात जिथं सहज टेकतो तिथं भिंतीवर पेन्सिलनं खूण केली. मोजलं तर ३५ इंच. मग शिक्षिकाबाईंनाही बोलावलं. त्यांच्या खुर्चीतून हात २७ इंचांवर येतो. दोन्ही उंचीवर दोन नळ्या, डाव्या बाजूनं, गोल आणि लाकडी. लोखंड थंडीत हाताला चिकटतं. सुतार मंगळवारी ओकचं लाकूड आणतोय.